जरा मागे घे, परत दाखव

३० मे २०२४ ला संध्याकाळी पुण्याहून आत्याचा फोन आला. "अरे बरे आहात ना सगळे? टीव्हीवर दाखवतायत नागपुरात छप्पन्न डिग्री झालं म्हणून!" मी तेव्हा खामल्यात घरामागे कूलरच्या टाकीत पाईप सोडून उभा होतो. गरम होतंच, मे महिन्यात नागपूर थंड असतं तर इथे हॉटेलं नसती का निघाली, पण छप्पन्न? जगातला आजवरचा रेकॉर्ड ५६.७ आहे, अमेरिकेतल्या डेथ व्हॅलीत १९१३ साली नोंदलेला, आणि आमच्या रामदासपेठेत त्याच्यापेक्षा फक्त पॉइंट सात कमी. मी म्हटलं, आत्या, छप्पन्न झालं असतं तर तुमचा फोन उचलायला मी नसतो उरलो.

नंतर हवामान खात्याने सांगितलंच की सेन्सर बिघडला होता. पण खरी गंमत पुढे आहे. त्या दिवशी नागपूर भागात चार ऑटोमॅटिक मीटरं चालू होती. रामदासपेठेतलं ५६ दाखवत होतं, सोनेगावचं ५४, आणि बाकीची दोन ४४ च्या आसपास. म्हणजे चौघांपैकी दोघं आरामात चव्वेचाळीस सांगून राहिले होते, तेही त्याच दिवशी, त्याच उन्हात. आमच्या घरी जे चॅनेल लागतं त्याच्यावर ५६ लाल रंगात, आगीच्या ज्वाळा लावून, दर दोन मिनिटांनी येत होतं. सेन्सर खराब असल्याची ओळ मला दिसली ती खालच्या पट्टीत, सोन्याचे भाव आणि क्रिकेटच्या मधून पळत गेली.

तेव्हा मनात आलं की असा एखादा कार्यक्रम पाहिजे जो आठवड्यातून एकदा हे सगळं थांबवेल, मागे घेईल, परत दाखवेल, आणि चारही आकडे एका स्क्रीनवर शेजारी शेजारी ठेवून म्हणेल, पाहा भाऊ, हे चार होते, तुम्हाला एकच दाखवला. तर असे कार्यक्रम जगात आहेत, टीव्हीवरच आहेत, काही तर दहा-वीस वर्षं आणि त्याहूनही जास्त चालले, आणि आपल्याकडे टीव्हीवर ते का नाही टिकत याचं पण कारण आहे. तेच सांगतो.

आधी माझा धंदा सांगून टाकतो, म्हणजे मी हे काहून लिहून राहिलो ते कळेल. मी लग्नाच्या व्हिडिओची मिक्सिंग करतो. चौदा वर्षं झाली. रेकॉर्डिंगवाला सहा-सात तासांचं रश, म्हणजे कच्चं शूटिंग, आणून टाकतो आणि मी त्याचं दीड तासाचं लग्न करतो, आणि त्या दीड तासात जे दिसतं ते सगळं झालेलं असतं पण त्या क्रमाने झालेलं नसतं. बिदाईला नवरी रडते तेव्हा मामा पण डोळे पुसताना दिसतो ना, तो मामा हळदीच्या वेळेस कांदा कापणाऱ्या बाईजवळ उभा होता. एका लग्नात वरपिता मंगलाष्टकांत मस्त जांभया देत होता, मी तिथे त्याचं जेवणाच्या पंगतीतलं हसू लावलं, घरचे इतके खूश झाले की वरून पाचशे रुपये दिले. मी खोटं काहीच नाही दाखवलं. हसू त्याचंच होतं. फक्त ते बासुंदीला होतं.

हे एवढं कळलं की टीव्ही अर्धा कळला. रियालिटी शोमध्ये एक जण गातो आणि जज डोळे मिटून मान डोलवते, ती मान याच गाण्याला डोलली का तीन तास आधीच्या, हे फक्त मिक्सिंगवाल्याला माहीत असतं. सिरियलमध्ये सासूने "काय?" म्हटलं की नऊ लोकांचे चेहरे एक एक करून येतात, तो तर उघड प्रकार आहे, तिथे कोणी फसत नाही. फसतो आपण बातम्यांत, कारण बातमी म्हणजे झालं तसं दाखवलं असं आपण धरून चालतो.

डिसेंबरात हिवाळी अधिवेशन असलं की मी एखादा दिवस मॉरिस कॉलेजच्या टी-पॉइंटला चक्कर मारतो, सवय आहे, मोर्चे तिथेच अडवतात ना. मागे एकदा अंगणवाडीच्या बायकांचा मोर्चा होता. हजारोंनी आलेल्या, पण दुपारची वेळ, बहुतेक जणी झाडाखाली सावलीत डबे उघडून बसलेल्या, कोणी चप्पल उशाला घेऊन आडवी झालेली. एका चॅनेलचा पोरगा माइक घेऊन आला, बॅरिकेडजवळच्या पंधरा-वीस जणींना म्हणाला, "ताई, एकदा परत द्या ना घोषणा, मघाशी आवाज नाही आला." त्या उठल्या, पदर खोचले, दिल्या घोषणा. कॅमेरावाला गुडघ्यावर बसला, लेन्स खालून वर, फ्रेम एकदम टाइट, म्हणजे मागे झाड दिसणार नाही आणि डबे दिसणार नाहीत. मग पीटीसी, म्हणजे रिपोर्टर स्वतः कॅमेऱ्यात पाहून बोलतो ते, आणि मग एका आमदाराची बाईट, म्हणजे त्याच्या बोलण्याचा तुकडा. रात्री घरी पाहिलं, वीस सेकंद होते. आठ सेकंद आरडाओरडा, बारा सेकंद आमदार. मानधन किती आहे आणि किती मागून राहिल्या, हे कुठेच नाही. त्या पोराचा राग नाही येत मला, त्याला अजून चार मोर्चे करायचे होते. पण सावलीत बसलेल्या बायका म्हणजे खरा मोर्चा होता, आणि बॅरिकेडजवळची वीस सेकंदं म्हणजे मिक्सिंग.

आता मुद्द्यावर येतो. टीव्हीवर टीव्हीची चिरफाड करायचे दोन-तीन रस्ते लोकांनी काढले.

पहिला सरळ रस्ता, वकिली. ऑस्ट्रेलियात एबीसी म्हणून सरकारी पैशावर चालणारं चॅनेल आहे, तिथे १९८९ पासून 'मीडिया वॉच' येतो. सोमवारी रात्री, फक्त पंधरा मिनिटं. पहिला होस्ट स्टुअर्ट लिटलमोर, तो धंद्याने खराच वकील होता. पद्धत एकदम साधी: चॅनेलने काय दाखवलं ते दाखव, मूळ कागद काय म्हणतो ते दाखव, चॅनेलला लेखी विचारलं तेव्हा त्यांनी काय उत्तर दिलं ते वाचून दाखव, संपलं. आरडाओरडा नाही, सात खिडक्या नाही. १९९९ मध्ये त्यांनी काढलेलं प्रकरण तिकडे अजून सांगतात. सिडनीच्या रेडिओवर जॉन लॉज नावाचा मोठा माणूस होता, म्हणजे इतका मोठा की पंतप्रधान त्याच्या कार्यक्रमात यायचे. तो बँकांना रोज धू धू धुवायचा, आणि एक दिवस अचानक बँकांबद्दल गोड बोलायला लागला. मीडिया वॉचवाल्यांनी शोधून काढलं की बँकांच्या संघटनेने त्याच्याशी पैशाचा करार केला होता. मग सरकारी चौकशी बसली, बाकीच्यांचे पण असे करार निघाले, आणि त्या कामाला तिकडचा पत्रकारितेतला सगळ्यात मोठा मान, गोल्ड वॉकली, मिळाला.

पण पुढची गोष्ट मला जास्त आवडते. पुढच्या वर्षी होस्ट होता पॉल बॅरी. याने काय केलं, एबीसीच्याच अध्यक्षाला समोर बसवलं आणि एबीसीच्या पैशाबद्दल, कपातीबद्दल नको नको ते विचारलं. वर्षाअखेरीस त्याचा करार वाढवला नाही आणि कार्यक्रमच बंद झाला. आरडाओरड झाली तेव्हा २००२ ला परत सुरू केला, दुसऱ्या होस्टला घेऊन, आणि हाच पॉल बॅरी २०१३ ला परत येऊन २०२४ पर्यंत बसला. म्हणजे दुसऱ्याच्या घराची झाडझूड करेपर्यंत सगळे टाळ्या वाजवतात, आपल्या घरातली सतरंजी उचलली की झाडूवाल्याला सुट्टी.

दुसरा रस्ता म्हणजे प्रेक्षकाला आत बसवायचा. ब्रिटनमध्ये चॅनेल फोर १९८२ ला सुरू झालं तेव्हापासून २००१ पर्यंत तिथे 'राइट टू रिप्लाय' चालायचा. ज्याला कार्यक्रमाबद्दल तक्रार आहे त्याने यायचं, आणि कार्यक्रम बनवणाऱ्याने समोर बसून उत्तर द्यायचं. त्यांनी एक खोकं पण ठेवलं होतं, फोन बूथसारखं, आत जायचं, बटण दाबायचं, कॅमेऱ्यात पाहून जे बोलायचं ते बोलायचं, ते टीव्हीवर लागायचं. विचार करा, आपल्या नागपूरच्या सीताबर्डीवर असं खोकं ठेवलं तर काय होईल. रांग मुंजे चौकाच्या पार जाईल आणि अर्धे लोकं आधी पार्किंगचीच तक्रार करतील.

तिसरा रस्ता माझा आवडता, नक्कल. पण नुसती हसवायची नक्कल नाही, सांगाडा दाखवणारी. चार्ली ब्रूकर, तोच ज्याने नंतर 'ब्लॅक मिरर' ही सिरीज केली, त्याने २००६ पासून बीबीसी फोरवर 'स्क्रीनवाइप' केला, नंतर बातम्यांसाठी वेगळा 'न्यूजवाइप'. सोफ्यावर बसून टीव्ही पाहणारा एक चिडका माणूस, एवढाच सेट. त्याच्या एका तुकड्यात तो रिपोर्टर बनून बातमी देतो, पण बोलतो काय, तर तो जे करून राहिला तेच बोलतो. म्हणजे आता मी कॅमेऱ्याकडे चालत येतो, हाताने असे इशारे करतो, आता इमारतीचं एक बिनकामाचं दृश्य, आता रस्त्यावरच्या माणसाचं एक मत. विषय कोणताच नाही, आणि तरी ऐकताना वाटतं की ही बातमी आपण काल पाहिली. मी ते पहिल्यांदा पाहिलं तेव्हा दुकानात एकटा मोठ्याने हसलो आणि मग थोडी लाज वाटली, कारण माझी पण दीडशे लग्नं अशीच आहेत: आता मंगल कार्यालयाचं गेट, आता फुलांचा क्लोजअप, आता हळूहळू वळणारी नवरी.

याच्याही आधी, १९९७ ला, क्रिस मॉरिसचा 'ब्रास आय' हा कार्यक्रम, तोही ब्रिटनचाच. त्याने 'केक' नावाचं एक ड्रग मनाने बनवलं, जे अस्तित्वातच नव्हतं, आणि नामी लोकांना कॅमेऱ्यासमोर बसवून त्याच्याविरुद्ध बोलायला लावलं. हातात चांगली बशीएवढी पिवळी गोळी देऊन. लोकं गंभीर तोंड करून बोलले, मेंदूच्या कुठल्या तरी भागावर परिणाम होतो म्हणून सांगितलं, तो भाग पण यानेच बनवलेला. एका खासदाराने तर खरोखर ब्रिटिश संसदेत त्या ड्रगबद्दल प्रश्न विचारला. एवढ्या मोठ्या गोळीकडे पाहूनही कोणाला विचारावं वाटलं नाही की बाबा ही गिळायची कशी? कारण समोर कॅमेरा होता, हातात कागद होता, आणि कागदावर जे आहे ते गंभीरपणे वाचायचं असतं हे टीव्हीनेच शिकवलं आहे.

आणि एक चौथा, रस्ता म्हणता येणार नाही, अपघातच तो. अमेरिकेच्या सीएनएनवर १९८२ पासून 'क्रॉसफायर' चालायचा, एक डावा एक उजवा, दोघं भांडणार. २००४ च्या ऑक्टोबरात जॉन स्ट्युअर्ट नावाचा कॉमेडीवाला तिथे पाहुणा म्हणून गेला, पुस्तकाची जाहिरात करायला, आणि बसल्या बसल्या होस्टांनाच म्हणाला की तुम्ही देशाचं नुकसान करून राहिले, याला चर्चा म्हणणं म्हणजे टीव्हीवरच्या त्या ठरवून केलेल्या रेसलिंगला कुस्ती म्हणण्यासारखं आहे. पुढच्या जानेवारीत सीएनएनने कार्यक्रम बंद केला आणि त्यांचा बॉस म्हणाला की स्ट्युअर्टचं म्हणणं आपल्याला पटतं. पण फॉर्म्युला काही मेला नाही, तो आपल्याकडे आला, आणि दोनच्या ऐवजी आठ जण झाले.

आठ का झाले हे समजून घेतलं पाहिजे, नाहीतर नुसतं अँकरला शिव्या देऊन काही होत नाही. बातमी आणायला पैसे लागतात. गडचिरोलीला टीम पाठवायची तर गाडी, डिझेल, राहणं, दोन दिवस, आणि हाती येणार तीन मिनिटं. त्याच पैशात स्टुडिओत डिबेट महिनाभर चालतं, कारण पाहुणे घरूनच लॅपटॉप उघडून बसतात, बहुतेक फुकट, आणि एका तासाचा माल एका तासात तयार. वरून टीआरपी. हा टीआरपी मोजते बार्क नावाची संस्था, तिने २०१५ पासून मोजायला सुरुवात केली, आणि मोजायची पद्धत अशी की काही निवडक घरांत मीटर बसवतात. चॅनेलच्या आवाजात आपल्या कानाला न कळणारी एक खूण असते, मीटर ती पकडतं, आणि घरातल्या माणसाने पाहायला बसताना आपलं बटण दाबायचं. अशी घरं साधारण ५५,००० आणि देशात टीव्हीची घरं धरली २१ कोटी. म्हणजे एक मीटर सुमारे ३,८०० घरांच्या वतीने बोलतं. सिरियलसाठी ठीक आहे, सिरियल सगळेच पाहतात. पण एखाद्या भाषेच्या न्यूज चॅनेलला पाहणारे एकूणच थोडे, त्यात मीटरवाले अजून थोडे, मग मूठभर घरांनी रात्री नऊला चॅनेल बदललं की नंबर एकचा नंबर तीन होतो. म्हणून तो अँकर नऊ वाजून एका मिनिटाला ओरडतो. तो तुमच्यावर नाही ओरडत, त्या मूठभर मीटरांवर ओरडतो. ऑक्टोबर २०२० ला मुंबईत पैसे देऊन मीटरवाल्या घरांत ठराविक चॅनेल चालू ठेवल्याचे आरोप झाले तेव्हा बार्कने न्यूज चॅनेलचे आकडे देणंच थांबवलं, ते परत सुरू झाले मार्च २०२२ मध्ये. दीड वर्षाच्या आसपास आकडे नव्हते, आणि तरी ओरडणं एका डेसिबलने कमी नाही झालं, हे मला अजून समजलं नाही. सवय लागली असेल.

आता आपल्याकडे काय झालं. दूरदर्शनच्या काळात जसपाल भट्टीने १९८९ ला 'फ्लॉप शो' केला, त्यात एक भाग टीव्ही सिरियल कशी बनते यावरच होता, आणि तोही दूरदर्शनवरच लागला, याचं मला आजही कौतुक वाटतं. मराठीत 'चला हवा येऊ द्या' मध्ये सिरियल, सिनेमे, पत्रं, सगळ्याची नक्कल झाली, आणि आपल्या विदर्भाचा भारत गणेशपुरे वऱ्हाडीत बोलायला लागला की आमच्या घरी भाजी करपायची. पण ती प्रेमाची चेष्टा होती. ज्या सिनेमाची खिल्ली उडवायची त्याचेच कलाकार समोर सोफ्यावर बसून हसतात, कारण शुक्रवारी सिनेमा लागून राहिला. चेष्टेने घाव होत नाही, उलट प्रसिद्धी होते. म्हणून चॅनेल चेष्टा चालवून घेतं, चिरफाड नाही. राज्यसभा टीव्हीवर 'मीडिया मंथन' म्हणून गंभीर कार्यक्रम यायचा, चांगला होता, पण राज्यसभा टीव्ही तुमच्या घरी किती वेळा लागला हे स्वतःलाच विचारा.

एक रात्र मात्र सगळ्यांना आठवते. १९ फेब्रुवारी २०१६, दिल्लीच्या जेएनयू विद्यापीठाचं प्रकरण तापलेलं, आणि एनडीटीव्ही इंडियावर रवीश कुमारने स्क्रीन काळी करून टाकली. म्हणाला, हा अंधार म्हणजेच आजच्या टीव्हीचं चित्र आहे. आणि मग त्या अंधारात फक्त आवाज, वेगवेगळ्या चॅनेलवरच्या अँकरांचे, पाहुण्यांचे, ओरडण्याचे. मिक्सिंगवाला म्हणून सांगतो, ही कमालीची हुशार गोष्ट आहे. चित्र असलं की आपण आवाजाला माफ करतो, कारण डोळे गुंतलेले असतात, अँकरचा कोट, मागचे ग्राफिक्स, पाहुण्याच्या मागचं पुस्तकांचं कपाट. चित्र काढून घेतलं की कळतं की हे आपण रोज जेवताना ऐकून राहिलो, लेकरं बाजूला बसवून. आमच्या आईने तेव्हा केबलवाल्याला फोन लावला होता की टीव्ही बिघडला.

मग टीव्हीची खरी चिरफाड आपल्याकडे गेली कुठे, तर टीव्हीच्या बाहेर, यूट्यूबवर. २०१२ ला सुरू झालेली न्यूजलाँड्री ही बातम्यांची वेबसाइट, त्यांचा 'टीव्ही न्यूजान्स' मनीषा पांडे करते, तोच प्रकार: क्लिप दाखव, थांबव, काय वगळलं ते सांग. तिथे जाहिरातदाराची भीती कमी कारण वाचक-प्रेक्षक वर्गणी भरतात. पण दुसरी भीती आली, कॉपीराइट. कारण क्लिप कोणाची? चॅनेलची. २०२१ मध्ये टीव्ही टुडे नेटवर्कने, म्हणजे 'आज तक'वाल्या कंपनीने, न्यूजलाँड्रीवर दिल्ली हायकोर्टात केसच टाकली, कॉपीराइटची पण आणि बदनामीची पण. आपल्या कॉपीराइट कायद्यात कलम ५२ आहे, त्यात टीका किंवा समीक्षेसाठी दुसऱ्याचा माल योग्य प्रमाणात वापरायची सूट आहे. योग्य म्हणजे किती सेकंद, हे कायद्यात लिहिलेलं नाही, आणि यूट्यूबला एक तक्रार केली की व्हिडिओ आधी उतरतो आणि वाद नंतर होतो. ज्याच्याकडे वकील आहे तो लढतो. आमच्यासारखा कोणी दुकानातून करायला गेला तर तिसऱ्या स्ट्राइकला, म्हणजे अशी तक्रार तिसऱ्यांदा लागली की, चॅनेल बंद.

तक्रार करायची जागा नाही असं नाही. न्यूज चॅनेलवाल्यांनी स्वतःच एक मंडळ केलं आहे, अध्यक्ष निवृत्त न्यायाधीश, ते सुनावणी करून चॅनेलला व्हिडिओ काढायला, दिलगिरी दाखवायला सांगू शकतात, दंड पण करतात. दंड किती, तर २०२३ ला जास्तीत जास्त एक लाख होता. ऑगस्ट २०२३ मध्ये सुप्रीम कोर्टच म्हणालं की एवढ्या दंडाचा धाक कोणाला वाटणार. आमच्याकडे एक लाखात लग्नाचं शूटिंग ड्रोनसकट होतं.

आता शेवटची अडचण, आणि ही मला सगळ्यात खरी वाटते. फ्रान्समध्ये १९९५ ते २००७ डॅनिएल श्नायडरमनचा 'आरे स्यूर इमाज' सरकारी चॅनेलवर चालायचा, नावाचा अर्थच चित्रावर थांबणं. १९९६ च्या सुरुवातीला त्यांनी प्येअर बुर्दिअ नावाच्या मोठ्या समाजशास्त्रज्ञाला बोलावलं, विषय होता संपाच्या बातम्या टीव्हीने कशा दाखवल्या. तो गेला आणि वैतागून परतला. नंतर त्याने लिहिलं की टीव्हीवर टीव्हीची टीका करताच येत नाही, कारण तिथे कोण किती वेळ बोलणार, कोणाला मध्येच तोडायचं, कोणती क्लिप लावायची हे सगळं टीव्हीवालाच ठरवतो, मग कार्यक्रम टीकेचा असला तरी. श्नायडरमनने पण त्याला उत्तर दिलं, चांगली जुंपली. पण बुर्दिअने पुढे काय केलं पाहा, टीव्हीवरच दोन व्याख्यानं दिली, फक्त स्वतःच्या अटीवर: एकटा बोलणार, वेळेची घाई नाही, मधे कोणी तोडणार नाही. त्याचंच नंतर पुस्तक झालं. म्हणजे मिक्सिंग स्वतःच्या हातात घेतली भाऊने. आणि श्नायडरमनचा कार्यक्रम चॅनेलने बंद केल्यावर तो तेच नाव घेऊन इंटरनेटवर गेला, वर्गणीवर. आपल्यासारखंच झालं, फक्त आपण मधलं बारा वर्षं टीव्हीवर असण्याचं स्टेशनच गाळलं.

म्हणून मी घरी एक साधी गोष्ट करतो, मागे घेतो. आजकालच्या बॉक्समध्ये थांबवायचं बटण असतं. बातमी थांबवायची आणि विचारायचं, कॅमेरा कुठे उभा आहे, त्याच्या मागे काय असेल, हा आवाज याच चित्राचा आहे का वरून टाकला, "सूत्रांच्या माहितीनुसार" म्हटलं तर कोणत्या सूत्राच्या, आणि हे रडणारं बाळ आजचं आहे का मागच्या पुराचं. पाच मिनिटांत घरच्यांचा इतका वैताग होतो की ते उठून जातात.

पण मागच्या महिन्यात एक वेगळंच झालं. बाबा रोज रात्री नऊला डिबेट पाहतात, अगदी औषध घेतल्यासारखं. त्या दिवशी आईला अमरावतीच्या मावशीशी फोनवर बोलायचं होतं म्हणून तिने आवाज बंद करून टाकला. बाबा रागावले, पण रिमोट आईच्या मांडीखाली. मग ते तसेच पाहत बसले, बिनआवाजाचे आठ चौकोन, पाचेक मिनिटं. मग मला म्हणाले, "अबे, हा खालच्या कोपऱ्यातला माणूस केव्हाचा हात वर करून बसला आहे, याच्याकडे कोणी पाहूनच नाही राहिलं." मी पाहिलं तर खरंच, चश्मेवाला, शाळामास्तरसारखा, हात वर, आणि अँकरचा चौकोन मात्र सगळ्यांपेक्षा दुप्पट आणि तो कधीच लहान होत नव्हता. ब्रेक आला, ब्रेक गेला, त्याचा हात तसाच.

तेव्हापासून बाबा डिबेट म्यूटवरच पाहतात. काल मी दुकानातून उशिरा आलो, चपला काढता काढता विचारलं, "आज त्याले बोलू देलं का?"

"अजून नाही," बाबा म्हणाले, "पण आज त्याने हात बदलला."